लेकीच्या लर्निंग लायसनच्या नादात मीच नापास झालो

लेकीला 18 पूर्ण झाली आणि तिनं लगेच लर्निंग लायसनचा फॉर्म भरला. मग काय, रोज रात्री मोबाईलवर सराव परीक्षा. 15 प्रश्न, त्यातले 9 बरोबर आले की पास. मी सोफ्यावर पडून फुशारकी मारली, 22 वर्षं गाडी चालवतोय, आण इकडं म्हटलं. 7 आले. आतनं बायको हसत होती ते वेगळंच.

चुकलं कुठं सांगतो. लाल दिवा उघडझाप करतोय तर काय करायचं? मी म्हटलं सिग्नल बंद हाय, सावकाश जायचं. तर ते पिवळ्याचं निघालं. पिवळा उघडझाप करत असला तर वेग कमी करून जपून जायचं, लाल असला तर आधी पूर्ण थांबायचं, दोन्हीकडं बघायचं आणि मोकळं असलं तरच निघायचं. मी इतकी वर्षं दोन्ही एकच समजत होतो. पाट्यांचंही तसंच, गोल म्हणजे हुकूम, त्रिकोणी म्हणजे इशारा, चौकोनी म्हणजे माहिती, एवढं साधं असताना मी त्यातलं चित्र बघून अंदाज मारायचो. थांबाची पाटी तेवढी आठ कोनांची आणि 'रस्ता द्या'चा त्रिकोण उलटा, म्हणजे धुळीनं माखलं तरी आकारावरनं कळतं.

पोरीला लर्निंग मिळालं (15 पैकी 13, दोन चुकले त्यातला एक मी सांगितलेला), आता एल बोर्ड लावून शेजारी लायसनवाला बसवायचा, म्हणजे मीच. तिथनं माझी खरी शाळा सुरू झाली.

कोल्हापुरात दाभोळकर कॉर्नरला सिग्नल पिवळा झाला, मी सवयीनं म्हटलं "काढ काढ, मिळतंय." तिनं ब्रेक मारला. म्हटली, "पप्पा, पिवळा म्हणजे थांबायचं, अगदी रेषेजवळ येऊन ब्रेक मारणं धोक्याचं असेल तरच जायचं. मी लांब होतो की." (आमच्याकडं पोरी असंच बोलतात, बाहेरगावच्यांनी दचकू नये.) मग थांबायचं कुठं यावर वाद. झेब्राच्या अलीकडं जी आडवी जाड पांढरी रेघ असते, त्या रेघेच्या मागं थांबायचं, आणि आपण सगळे थांबतो झेब्रावर. ड्रायव्हर सीटवरनं ती रेघ बोनेटखाली गेली की आपण जवळजवळ पोचलेलो असतो, पण दिसेनाशी झाली म्हणून माणूस आणखी पुढं घेतो, तिथंच घोळ होतो. आम्ही रेघेमागं थांबलो तर पुढच्या मोकळ्या जागेत पाच-सहा दुचाक्या येऊन बसल्या, आणि मागचा हॉर्न मारायला लागला, त्याला डावीकडं जायचं होतं. लालला डावीकडं जायचं तर तशी पाटी नाहीतर हिरवा बाण पाहिजे, तिथं दोन्ही नव्हतं. पोरगी हलली नाही. मला मात्र घाम फुटला.

दुसरी गंमत गगनबावडा रोडला. पुढं उसाची ट्रॉली, खच्चून भरलेली, वेग सायकलचा. मी म्हटलं मार पुढं. ती म्हटली आपल्या बाजूची सलग हाय. म्हणजे काय तर मधे दोन रेघा शेजारी शेजारी असल्या तर आपल्या बाजूची बघायची, तुटक असली तर मोकळं बघून ओलांडता येतं, सलग असली तर नाही, पलीकडची तुटक का असेना. वळणावर पुढचं दिसत नाही म्हणून आपल्या बाजूला सलग मारतात. समोरनं काही आलं नाही, खरं सांगतो, एक कुत्रं सुद्धा नाही. तरी वळण संपून तुटक रेघ लागेपर्यंत ती त्या ट्रॉलीच्या मागंच होती, आणि मी गप्प.

शहरात मात्र पंचाईत होते, पावसाळा झाला की निम्मे पट्टे पुसलेले असतात, मग वाचायचं काय? तिचं म्हणणं, रेघ दिसत नसली तर सिग्नलच्या खांबाच्या अलीकडं थांबायचं, सोपं हाय. असेल. पण माझा पाय अजून क्लचवर वळवळतोच.

परवा परत परीक्षा दिली गुपचूप, 12 आले. उघडझापवाला पुन्हा चुकलाच.