एका जागी बसून हे जेवतं कसं?

ओहोटीला मुंबईच्या खडकाळ किनाऱ्यांवर मी लोकांना समुद्री जीव दाखवायला नेते. समुद्रफूल दिसलं की हमखास प्रश्न येतो: हे तर खडकाला चिकटून बसलंय, मग त्याचं पोट कसं भरतं? तुम्हीही तेच विचारलंत, म्हणून नीट लिहिते.

समुद्रफूल हा प्राणी आहे, आणि मांसाहारी आहे. जेलीफिश आणि प्रवाळ त्याचे जवळचे नातेवाईक. खाली खडक धरून ठेवणारी चकती, वर नळीसारखं अंग, माथ्यावर मधोमध तोंड आणि त्याभोवती संस्पर्शकांचं, म्हणजे बोटांसारख्या लवचिक शुंडांचं कडं. या संस्पर्शकांवर दंशपेशी खच्चून भरलेल्या असतात. प्रत्येक पेशीत एक सूक्ष्म कुपी आणि कुपीत गुंडाळलेली पोकळ दोरी. कुपी फुटली की सदऱ्याची आत गेलेली बाही झटक्यात बाहेर यावी तशी ती दोरी उलटून बाहेर पडते आणि भक्ष्यात विष सोडते. हायड्रा या गोड्या पाण्यातल्या त्याच्या भाईबंदात कुपीतला दाब हवेच्या दाबाच्या सुमारे १५० पट असल्याचं मोजलं गेलंय!

पण एक दंशपेशी एकदाच वापरता येते. मग नवी घडवावी लागते, आणि त्याला ऊर्जा लागते. म्हणून समुद्रफूल वाटेल त्यावर डंख उधळत नाही. वाळूचा कण आपटला तर सहसा काही होत नाही. स्पर्शाबरोबर पाण्यात भक्ष्याची रसायनंही जाणवली, तर मात्र मारा सुरू होतो. काही जातींमध्ये तर भुकेवरही ठरतं: पोट भरलेलं असेल तर डंख कमी. हे सगळं मेंदूशिवाय, अंगभर पसरलेल्या मज्जातंतूंच्या जाळ्यावर. मला त्याच्याबद्दल सगळ्यात जास्त आदर वाटतो तो याचाच.

कोळंबीचं पिल्लू, छोटा मासा, खेकडा, शिंपला, जे सापडेल ते संस्पर्शक वाकवून तोंडाशी आणलं जातं. आत पोटाच्या पोकळीत उभे पडदे असतात. त्यांच्या कडांचे धागे घासाला बिलगतात आणि पाचकरस सोडतात. न पचलेली कवचं चिकट स्रावात गुंडाळून त्याच तोंडातून बाहेर टाकली जातात, कारण शरीराला दुसरं दारच नाही.

उष्ण कटिबंधातल्या बऱ्याच जातींच्या पेशींमध्ये एकपेशीय शैवालं राहतात. ती उन्हात साखर तयार करतात आणि तिचा मोठा वाटा यजमानाला मिळतो. पाणी फार तापलं की ही शैवालं निघून जातात, समुद्रफूल पांढरं पडतं आणि त्याचा निम्मा स्वयंपाक बंद होतो.

आता बोट लावण्याबद्दल. बोटाला जो चिकटपणा जाणवतो, तो दंशपेशींच्या दोऱ्यांचा. तळहाताची कातडी जाड असल्यानं बहुधा आपल्याला काही होत नाही, पण त्याचा दारूगोळा फुकट जातो. शिवाय ओहोटीला उघडं पडलेलं समुद्रफूल आत पाणी धरून, मिटून बसलेलं असतं. जेवायची संधी त्याला पाण्याखाली असतानाच मिळते. तेव्हा डिवचलं तर ते पुन्हा मिटतं आणि तेवढी शिकार हुकते.

हे जीव अल्पायुषी असतील असंही समजू नका. स्कॉटलंडमध्ये सर जॉन डॅलियल या निसर्ग-अभ्यासकांनी १८२८ साली किनाऱ्यावरून एक समुद्रफूल घरी नेलं. लोक त्याला ‘ग्रॅनी’ म्हणत. डॅलियल गेल्यावरही इतरांनी ते सांभाळलं, आणि १८८७ पर्यंत ते जगलं. त्या काळात त्यानं शेकडो पिल्लं दिली.

तर जेवताना पाहायचं असेल, तर पाणी साठलेली खडकातली खळगी शोधा, आपली सावली आत पडणार नाही अशा बाजूला बसा आणि हात बाहेर ठेवा. संस्पर्शक पसरलेले असतील तर थोड्या वेळात एखादा तोंडाकडे वाकताना दिसेल.