डेस्टिनेशन वेडिंगसाठी प्लॅनर निवडताना : माझा अनुभव

मुलीने आणि होणाऱ्या जावयांनी लग्न दूरच्या समुद्रकिनारी करायचे ठरवले, तेव्हा स्थळ आणि पाहुण्यांची यादी त्यांनी स्वतःकडे ठेवली आणि वेडिंग प्लॅनरची निवड माझ्याकडे सोपवली. नोकरीची सगळी वर्षे लेखापरीक्षणात गेल्यामुळे मी प्रश्न विचारताना संकोचत नाही, हे बहुधा त्यामागचे कारण असावे.

रिसॉर्टचा स्वतःचा समन्वयक असताना वेगळा प्लॅनर कशासाठी, असा प्रश्न व्याह्यांनी उपस्थित केला आणि तो रास्तच होता. चौकशीअंती असे लक्षात आले, की तो समन्वयक रिसॉर्टचा पगारदार असतो आणि त्याची जबाबदारी सभागृह, खोल्या आणि स्वयंपाकघर एवढ्यापुरतीच मर्यादित असते. बाहेरचा सजावटकार, छायाचित्रकार, पाहुण्यांची ने-आण आणि कागदपत्रे हे त्याच्या कक्षेत येत नाही; शिवाय रिसॉर्टशी एखाद्या दरावरून वाद झालाच, तर तो आपल्या बाजूने बोलेल अशी अपेक्षा ठेवता येत नाही.

प्लॅनरना त्यांच्या जुन्या कामांची छायाचित्रे दाखवायची हौस असते. ती मी पाहिली, पण फार वेळ नाही, कारण फुलांचा मंडप सुंदर दिसतो आहे एवढेच त्यांतून कळते. तो ठरलेल्या वेळेला आणि ठरलेल्या रकमेत उभा राहिला का, हे कळत नाही. म्हणून मी प्रत्येकाकडे एकच मागणी केली : नावे झाकून, कोणत्याही एका लग्नाचा सुरुवातीचा अंदाज आणि शेवटचा हिशेब शेजारी-शेजारी ठेवून दाखवा. काहींनी गोपनीयतेचे कारण पुढे केले. ज्यांनी दाखवला, त्यांच्याशी पुढचे बोलणे आपोआप मोकळे झाले, कारण खर्च कुठे आणि का वाढला हे सांगताना माणूस आपली कामाची पद्धतच सांगत असतो.

मानधनाचा विषय मात्र मी सविस्तर काढला. काही प्लॅनर ठरावीक रक्कम घेतात, तर काही एकूण खर्चाच्या टक्केवारीने, साधारणपणे १० ते २० टक्क्यांच्या आसपास. टक्केवारीत गैर काहीच नाही, पण खर्च वाढला की मानधनही वाढते, आणि मग खर्च आटोक्यात ठेवण्याची गरज फक्त आपल्यालाच उरते. त्याहून नाजूक भाग कमिशनचा. सजावटकाराकडून किंवा हॉटेलकडून तुम्हाला काही मिळते का, हा प्रश्न ऐकल्यावर एका ठिकाणी चक्क विषय बदलला गेला. दुसऱ्या ठिकाणी मिळालेले उत्तर मला आवडले : काही जणांकडून मिळते, ते बिलात सूट म्हणून दाखवू, आणि प्रत्येक पुरवठादाराचे मूळ बिल तुमच्याच नावावर येईल. कमिशन घेणे हा गुन्हा नव्हे. ते दडवलेले नसावे, एवढेच माझे म्हणणे होते.

यानंतरचा प्रश्न असा, की लग्नाच्या दिवशी प्रत्यक्ष कोण उभे राहणार? मोठ्या कंपन्यांमध्ये मुलाखतीला गोड बोलणारी व्यक्ती विक्री विभागाची असते आणि करारावर सही झाली, की काम दुसऱ्याच्या हाती जाते. म्हणून जी व्यक्ती तिथे असेल तिच्याशीच बोलायचे, त्याच दोन-तीन दिवसांत तिच्याकडे दुसरे लग्न आहे का ते विचारायचे, आणि ती आजारी पडल्यास कोण येईल त्याचे नावही मागून घ्यायचे, असे मी ठरवले.

खरी परीक्षा भरती-ओहोटीने घेतली. मावळता सूर्य आणि उगवता चंद्र एकाच संध्याकाळी दिसावेत, म्हणून मुलांना पौर्णिमा हवी होती आणि विधी वाळूवरच हवे होते. बहुतेकांनी ‘फारच सुरेख कल्पना’ असे म्हणून तारीख लिहून घेतली. एका प्लॅनरबाईंनी मात्र त्या तारखेचे भरतीचे वेळापत्रक उघडले आणि सांगितले, की पौर्णिमा-अमावास्येच्या सुमारास उधाण असते, त्या दिवशी नेमक्या संध्याकाळी पाणी बरेच वरपर्यंत येईल आणि खुर्च्यांपुरतीही कोरडी वाळू उरणार नाही. भरतीची वेळ रोज सुमारे ५० मिनिटांनी पुढे सरकते आणि आठवडाभराने भांगाची, म्हणजे कमी चढणारी भरती असते, तेव्हा तारीख बदला किंवा विधी वरच्या हिरवळीवर घ्या, असे दोन पर्याय त्यांनी समोर ठेवले. मुलगी थोडी हिरमुसली. मी मात्र मनातल्या मनात निवड करून टाकली होती.

तरीही कागदपत्रांचा प्रश्न मी सोडला नाही. परक्या देशात कायदेशीर विवाह करायचा असेल, तर काही ठिकाणी आधी ठरावीक काळ वास्तव्य करावे लागते, आणि जन्मदाखल्यासारख्या कागदांचे अधिकृत भाषांतर लागते. दोन्ही देश १९६१ च्या हेग करारात असतील, तर त्या कागदांवर अपोस्टिलचा, म्हणजे कागदावरची सही आणि शिक्का अस्सल असल्याची सरकारी ग्वाही देणारा, शिक्का चालतो, नसतील तर वकिलातीमार्फत प्रमाणित करण्याचा लांबचा मार्ग उरतो. ‘ते आम्ही बघून घेऊ’ एवढ्या उत्तरावर माझे समाधान होण्यासारखे नव्हते. या बाईंनी उलट असे सुचवले, की नोंदणी घराजवळच उरकून घ्या आणि तिकडे फक्त सोहळा करा. वास्तविक त्यात त्यांचे काम, आणि म्हणून मानधनही, कमी होत होते.

करारावर आम्ही सावकाश बसलो. रिसॉर्टच्या मसुद्यात राखून ठेवलेल्या खोल्यांपैकी ८० टक्के खोल्यांचे भाडे, त्या भरल्या नाहीत तरी, द्यावेच लागेल, असे कलम होते; प्लॅनरबाईंनी मध्ये एक तारीख घालून घेतली, जिच्यापूर्वी खोल्या विनाशुल्क परत करता येतील. परकीय चलनाचा दर कोणत्या दिवसाचा धरायचा, वादळामुळे विमानेच रद्द झाली तर कोणती रक्कम परत मिळेल आणि कोणती पुढच्या तारखेला वळती होईल, हेही लेखी आले. पहिला हप्ता सहीच्या वेळी दिला आहे. दुसरा हप्ता मुले स्थळाची पाहणी करून आल्यावर, आणि पाऊस आल्यास वापरायच्या पर्यायी जागेचे आरक्षण लेखी हाती पडल्यावरच द्यायचा आहे.