सहा दिवसांत काढलेला सिनेमा

हॉलिवूडचा दिग्दर्शक एडगर उल्मर याच्यावर लेख लिहायला घेतला तेव्हा पहिलं वाक्य डोक्यात तयारच होतं: या माणसाने १९४५ साली सहा दिवसांत, वीस हजार डॉलरमध्ये ‘डीटूर’ काढला. पुढे तेच वाक्य खोडावं लागलं, आणि लेख काही महिने लांबला.

सहा दिवसांची गोष्ट खुद्द उल्मरनेच दिग्दर्शक-समीक्षक पीटर बोग्दानोविचला मुलाखतीत सांगितलेली. दिग्दर्शकच सांगतोय म्हटल्यावर तपासायचं काय? पण नोआ आयझेनबर्ग या अभ्यासकाचं काम वाचलं आणि पंचाईत झाली. पटकथेच्या पहिल्या पानावर १४ ते २९ जून अशा तारखा आहेत, चित्रीकरणाचे दिवस १४. नायिका अ‍ॅन सॅव्हेजचा करार तीन आठवड्यांचा. खर्चही लाख डॉलरच्या आसपास.

मग वहीत तीन रकाने पाडले: कागदावर सापडलेलं, फक्त उल्मरने सांगितलेलं, आणि इतरांनी ऐकून लिहिलेलं. तिसरा रकाना भराभर भरला. दुसराही काही कमी नव्हता. जर्मनीतल्या बड्या चित्रपटांवर आपण काम केल्याचे त्याचे कितीतरी दावे आहेत, पुरावा मात्र क्वचितच. पहिल्या रकान्यातलं आयुष्यही काही फिकं नाही. १९३४ मध्ये युनिव्हर्सल स्टुडिओसाठी बोरिस कारलॉफ आणि बेला लुगोसी या नटांच्या जोडीचा यशस्वी भयपट, मग स्टुडिओच्या मालकाच्या भाच्याची बायको याच्या प्रेमात, त्यापायी मोठ्या स्टुडिओची दारं बंद. मग यिडिश या युरोपातल्या ज्यूंच्या भाषेतले चित्रपट, आणि पुढे पीआरसी ही हॉलिवूडमधली गरिबातली गरीब कंपनी.

स्वस्ताईची कथाच गेली तर लिहायचं काय, या धास्तीने ‘डीटूर’ पुन्हा लावला, थांबवत थांबवत. न्यूयॉर्कचा रस्ता उभारायला पैसे नाहीत, म्हणून नुसतं धुकं आणि रस्त्यांच्या नावांच्या पाट्या. लिफ्ट मागण्याच्या काही दृश्यांत निगेटिव्ह उलटी केलेली, त्यामुळे अमेरिकन गाडीचं स्टिअरिंग उजवीकडे! आपल्याकडे ते उजवीकडेच असतं, म्हणून दोनदा पाहूनही माझ्या डोळ्याला खटकलं नव्हतं.

सगळ्यात मोठी फजिती वेगळीच. हक्कमुक्त चित्रपट असल्याने मिळेल ती घासलेली प्रत पाहून मी ‘दरिद्री, करडा प्रकाश’ यावर दोन पानं खरडली होती. २०१८ ची दुरुस्त प्रत पाहिली तर काळा रंग चांगला गडद, चेहऱ्यांवर बारीक छटा. ज्याला मी शैली म्हणत होतो तो प्रतीचा मळ होता. दोन्ही पानं फाडली.

लेख छापून आला. परवा एका मित्राने चार लोकांत सांगितलं, “हा सहा दिवसांत सिनेमा काढणाऱ्या माणसावर लिहितो.” मी म्हटलं, चौदा तरी. त्याचा चेहरा पडला.