रिपोर्टातली वाढ

रिपोर्टात ‘वाढ’ लिहिलीय म्हणजे कॅन्सर का, असं तुम्ही विचारलंत म्हणून सांगते, आणि उत्तर आधीच देऊन टाकते: नाही, तो कॅन्सर नव्हे.

मी बेळगावात पॅथॉलॉजिस्ट आहे. खानापूरच्या काकूंपासून चंदगडहून एसटीने आलेल्या जोडप्यापर्यंत सगळ्यांचा हा एकच प्रश्न असतो. रिपोर्ट इंग्रजीत, घरात मराठी, पोराची शाळा कन्नड. मग ते पोरगंच अक्षरं लावत वाचतं, ‘रिॲक्टिव्ह लिम्फॉइड हायपरप्लेजिया’. मोबाईलवर शोधायला जावं तर दोन ओळींखाली लिम्फोमा, म्हणजे लिम्फोसाइट पेशींचा कॅन्सर, हा शब्द दिसतो. त्यानंतर माझ्या खोलीचं दार ढकललं जातं. “मॅडम, वाढ झालीय म्हणून लिहिलंय. कॅन्सरच की ओ हे?”

वाढ झालीय हे खरं. पण कशाची आणि कशासाठी, हे त्या तीन शब्दांतल्या पहिल्याच शब्दात आहे, आणि नेमका तोच कुणी वाचत नाही. रिॲक्टिव्ह, म्हणजे कशाला तरी दिलेलं उत्तर.

पायाला काटा लागून पिकलं की जांघेत अवधाण येतं, हे आपल्याकडे शेतावर जाणाऱ्या कुणालाही सांगावं लागत नाही. जखम भरली की अवधाण उतरतं. जांघेतल्या त्या गाठीत लिम्फोसाइट नावाच्या पांढऱ्या पेशी असतात. जंतू आला की त्या भराभर वाढतात, म्हणून गाठ फुगते. याच पेशींची ऊती शरीरात आणखी बऱ्याच ठिकाणी पसरलेली असते. घशात दोन बाजूंचे टॉन्सिल, नाकाच्या मागे ॲडिनॉइड, जिभेच्या मुळाशी आणखी थोडी, असं एक कडंच असतं. वाल्डायर या जर्मन शरीररचनातज्ज्ञाने १८८४ मध्ये त्याचं वर्णन केलं, म्हणून त्याला वाल्डायरचं कडं म्हणतात. श्वास आणि घास जिथून आत जातात, बरोबर त्याच तोंडावर ते बसलेलं आहे. खाली लहान आतड्यात याच ऊतीच्या, पायरच्या म्हणतात त्या, चकत्या आहेत, त्यांच्या पुढे अपेंडिक्स आहे. म्हणजे अवधाण जांघेत येतं तसं ते घशातही येतं, पोटातही येतं. फक्त तिथे हात लावून बघता येत नाही, म्हणून भीती वाटते.

माझ्याकडे टॉन्सिल फॉर्मॅलिनच्या डबीत येतात, बहुधा जोडीने. ब्लेडने मधून कापले की आत करडा-पांढरा, मऊ गर दिसतो. पृष्ठभागावरून आत शिरलेल्या खोल भेगा असतात, आणि कधी त्या भेगांत पिवळट, वास मारणारे कण अडकलेले असतात. (तोंडाला वास येतो म्हणून लोक पोट साफ करायचं चूर्ण घेत बसतात, आणि दोष या कणांचा असतो.) मग त्याचा पापुद्र्यासारखा काप काचेवर घ्यायचा, रंगवायचा आणि मायक्रोस्कोपखाली ठेवायचा. जांभळ्या पेशींच्या गर्दीत फिकट गोल दिसतात, काही लहान, काही मोठे, काही वेडेवाकडे. ही जर्मिनल सेंटरं. याला मी तालीमच म्हणते. नव्या पेशी तिथे उतरतात, जंतूला पकडायचा डाव घोटतात. जिची पकड घट्ट ती पेशी पुढे जाते, बाकीच्या तिथेच मरतात, आणि मोठ्या भक्षक पेशी त्यांचे तुकडे गिळून टाकतात. ते गिळलेले तुकडे काचेवर चक्क दिसतात. ते दिसले की मला बरं वाटतं, कारण निवड चालू आहे, मरण्याजोग्या पेशी मरताहेत.

फॉलिक्युलर लिम्फोमात, म्हणजे लिम्फोमाच्या एका प्रकारात, नेमकं हेच बिघडतं. गोल तिथेही असतात, पण एकसारखे, एकमेकांना खेटलेले, आणि आत भक्षक पेशी जवळपास नसतात. बहुतेक वेळा त्या पेशींत बीसीएल-२ नावाचं, मरण टाळणारं प्रथिन सापडतं. साध्या वाढीत जर्मिनल सेंटरमधल्या पेशींत ते नसतं. शंका आली तर त्याची वेगळी चाचणी करतात. रिपोर्टला चार दिवस जास्त लागले तर कारण बहुधा हे असतं. उशीर झाला म्हणजे काहीतरी वाईट निघालं, असं धरून चालू नका.

आता वय. रिपोर्ट लिहिताना मी फॉर्मवरचं वय आधी बघते, कारण तोच शब्द पाच वर्षांच्या मुलाला वेगळा आणि पन्नाशीच्या माणसाला वेगळा लागतो.

मुलांचं सोपं आहे. ॲडिनॉइड साधारण तीन ते सात वर्षांच्या वयात सगळ्यांत मोठे असतात आणि वयात येईपर्यंत आक्रसतात. ते वाढले की काय होतं, याचं वर्णन कोपनहेगनच्या विल्हेल्म मेयर यांनी १८६८ मध्ये केलं. आजही आई जे सांगते ते फारसं वेगळं नसतं: तोंड उघडं टाकून झोपतो, घोरतो, टीव्ही मोठा लावतो, बाई म्हणतात वर्गात लक्ष नाही. लक्ष असतं बिचाऱ्याचं. ॲडिनॉइडने कानाची नळी अडवली की पडद्यामागे पाणी साठतं आणि ऐकूच कमी येतं. जांबोटी-कणकुंबीकडचा पाऊस एकदा लागला की महिनोन्‌महिने पोरांची नाकं वाहतात, आणि दर सर्दीला ही ऊती पुन्हा कामाला लागते. घरात मात्र केळं बंद, ताक बंद. केळ्याने टॉन्सिल वाढत नाहीत हो. ऑपरेशन झाल्यावर तर डॉक्टर स्वतःच आइस्क्रीम द्या म्हणतात.

मग टॉन्सिल काढायचे का? हा प्रश्न खरा कान-नाक-घसावाल्यांचा, पण विचारलंत म्हणून. वारंवार घसा येतो म्हणून टॉन्सिल काढायला जगभर वापरला जाणारा निकष पिट्सबर्गच्या डॉ. पॅराडाइज आणि त्यांच्या सहकाऱ्यांचा आहे, १९८४ चा: वर्षात सात वेळा, किंवा सलग दोन वर्षं दरवर्षी पाच वेळा, किंवा सलग तीन वर्षं दरवर्षी तीन वेळा. तेही नुसतं खवखवणं नव्हे, तर ताप, मानेत दुखऱ्या गाठी, टॉन्सिलवर पू, असं काहीतरी नोंदलेलं हवं. आकाराला या हिशेबात जागाच नाही. मोठे दिसतात म्हणून काढा, हे कारण पुरत नाही.

नुसतं बघून ठरवलं की काय होतं, याची एक जुनी गोष्ट मला फार आवडते. न्यूयॉर्कमध्ये ११ वर्षांच्या १००० मुलांची पाहणी झाली होती, तिचा अहवाल १९३४ मध्ये आला. ६११ मुलांचे टॉन्सिल आधीच काढलेले होते. उरलेली ३८९ डॉक्टरांना दाखवली. त्यांनी १७४ जणांचे काढा म्हणून सांगितलं. राहिलेली २१५ दुसऱ्या डॉक्टरांना दाखवली, तर त्यांनी ९९ निवडली. उरलेल्या ११६ मधून तिसऱ्यांनी ५१. प्रत्येक फेरीत जवळपास निम्मी! ज्यांना दोनदा “ठीक आहे” म्हटलं होतं त्यांच्यातूनही. ६५ मुलं उरली आणि तपासणी थांबली, नाहीतर तीही निम्मी झाली असती.

झोपेत श्वास अडणं ही वेगळी बाब आहे, तिथे आकार मोजावाच लागतो. घोरता घोरता आवाज बंद पडतो, मग पोरगं दचकून श्वास घेतं, घामाघूम होतं, अंथरूण ओलं करतं. हे असेल तर गुळण्यांवर महिने घालवू नका. २०१३ मध्ये असा त्रास असलेल्या, अमेरिकेतल्या ५ ते ९ वर्षांच्या ४६४ मुलांचा अभ्यास आला. ऑपरेशन केलेल्यांपैकी ७९ टक्के मुलांची झोपेची तपासणी सात महिन्यांनी नॉर्मल आली. नुसतं लक्ष ठेवलेल्यांतही ४६ टक्क्यांची आली. फार तीव्र त्रास असलेली मुलं त्यात घेतलेली नव्हती, हेही ध्यानात ठेवा. म्हणजे ऑपरेशनचा फायदा पक्का आहे, आणि सौम्य त्रासात थांबणंही वेडेपणाचं नाही. टॉन्सिल गेले म्हणून प्रतिकारशक्ती जात नाही. त्या कड्याचा बाकीचा भाग, मानेतल्या गाठी, आतडं, सगळं जागेवर असतं.

मोठ्यांच्या बाबतीत मात्र मी एवढी सैल नसते. मानेतल्या गाठीचा सुईने घेतलेला नमुना ‘रिॲक्टिव्ह’ आला आणि गाठ महिना-दीड महिन्यानंतरही तशीच आहे, किंवा वाढतेय, तर त्या रिपोर्टवर निर्धास्त राहू नका. सुई जिथे टोचली तिथलंच ती सांगते. अख्खी गाठ काढून तपासावी लागते. आपल्याकडे गाठीचा टीबी कमी नाही, आणि कधी शेजारी कॅन्सर असतानाही जवळची गाठ नुसती फुगलेली असते. मी फोन करून विचारते: ताप येतो का, वजन उतरलंय का, फिटच्या गोळ्या चालू आहेत का? फिनिटॉइन या फिटच्या औषधाने गाठी फुगू शकतात आणि काचेवर पार लिम्फोमासारख्या दिसू शकतात. फॉर्मवर ते कुणी लिहीत नाही.

निपाणीकडचे पन्नाशी उलटलेले मामा, गालात तंबाखू, आणि एकच टॉन्सिल मोठा, गिळताना त्याच बाजूच्या कानात कळ. तिथे कॅन्सरची शंका घ्यावीच लागते. चिमटीएवढ्या तुकड्यात साधी वाढ दिसली तर मी तसं लिहिते, आणि खाली ‘पुन्हा आणि खोलवरचा नमुना पाठवा’ हेही लिहिते. ही खालची ओळ पेशंटला कुणीतरी वाचून दाखवायला हवी. बहुतेक वेळा ती तशीच पिशवीत जाते.

आणि आता उलटा प्रश्न, जो कॅन्सर नाही म्हटल्यावर पाच मिनिटांनी येतो. परवा एक आई पोराच्या अपेंडिक्सचा रिपोर्ट घेऊन आली होती. प्लास्टिकच्या पिशवीत, चार घड्या केलेला. साधी वाढ आहे म्हटल्यावर आधी डोळे पुसले, मग आवाज चढला. “मग चांगलंच होतं तर कापलं कशाला? बिल केवढं झालंय ठाऊक आहे काय?”

तिला जे सांगितलं तेच इथे लिहिते. अपेंडिक्सची पोकळी अगदी अरुंद असते. भिंतीतली ही ऊती फुगली की ती पोकळी बंद होते, आत जंतू माजतात आणि अपेंडिक्स पिकतं. दहा ते वीस वर्षांच्या पोरांत ही ऊती भरपूर असते, म्हणून हे दुखणंही याच वयात जास्त. तिच्या मुलाच्या भिंतीत पू नव्हता. म्हणजे एकतर ते पिकायच्या आधीच निघालं, किंवा दुखणं मुळात शेजारच्या आतड्याजवळच्या गाठींचं होतं. त्या सुजल्या तरी उजवीकडे खाली हुबेहूब तसंच दुखतं. कोणतं, ते मलाही काचेवरून सांगता येत नाही. सर्जनने पोट दाबून बघितलं, रक्त बघितलं, सोनोग्राफी बघितली. माझी काच त्यांच्या हातात तेव्हा नव्हती, ती ऑपरेशननंतरच तयार होते. बिलाचं मात्र मी काही बोलले नाही, ते खरंच मोठं होतं.