एका जोडामागे सत्तेचाळीस क्लिक

कोल्हापुरात शिवाजी चौकाजवळच्या चप्पल लाईनमध्ये आमचे छोटे दुकान आहे आणि गेली सहा वर्षे दुकानातलाच माल मी ऑनलाइन बाजारपेठांवरही विकतो. दुकानाचा गल्ला आबा सांभाळतात. ऑनलाइनची बाजू पूर्णपणे माझ्याकडे आहे. तेथे पैसे भरून चालवलेल्या जाहिरातींचा पूर्ण हिशेब मी पहिल्यांदा मांडला तो गेल्या नोव्हेंबरात, म्हणजे २०२५ ची दिवाळी उरकल्यावर. त्या हिशेबातून कोणत्या जाहिराती ठेवल्या, कोणत्या काढल्या आणि काढताना काय चुकले, हे येथे सविस्तर लिहीत आहे, कारण आपल्याकडचे अनेक लहान विक्रेते याच टप्प्यावर अडकलेले मी पाहतो.

या जाहिरातींचे तत्त्व सोपे आहे. गिऱ्हाईक शोधपेटीत ‘कोल्हापुरी चप्पल’ असे लिहिते, त्या शब्दांवर बोली लावलेल्या विक्रेत्यांमध्ये त्याच क्षणी लिलाव होतो, आणि लिलाव जिंकणाऱ्याचा माल यादीत वर, ‘स्पॉन्सर्ड’ अशी बारीक खूण लावून दिसतो. नुसता दिसला तर पैसे पडत नाहीत. गिऱ्हाइकाने त्यावर बोट ठेवले की पडतात, मग त्याने खरेदी केली काय आणि न केली काय. आबांना हे समजावून सांगितले तेव्हा त्यांनी एकच विचारले, “दुकानात नुसतं बघून गेलेल्या गिऱ्हाइकाचे पैसे कोण देतंय व्हय?” मी त्या वेळी त्यांना जाहिरातीचे महत्त्व पटवून देत बसलो. प्रश्न मात्र अगदी नेमका होता, आणि पुढचा सगळा हिशेब त्याच प्रश्नाचा आहे.

जून २०२५ मध्ये मिलानच्या फॅशन शोमध्ये प्राडा या इटालियन कंपनीने कोल्हापुरीसारख्या चपला दाखवल्या, त्यावरून देशभर चर्चा उठली आणि पुढे कंपनीने त्यामागची प्रेरणा भारतीय कारागिरीची असल्याचे मान्य केले. त्या दोन-तीन आठवड्यांत आमच्या मालाच्या पानावर येणाऱ्यांची संख्या एकदम वाढली. मी उत्साहाने रोजच्या जाहिरातीची मर्यादा दुप्पट केली. येणारे लोक बहुतेक करून कुतूहलाने येत होते आणि इकडे पाऊस सुरू झाला होता, ही गोष्ट मी लक्षात घेतली नाही. पावसाळ्यात चामड्याची चप्पल कोणी घेत नाही, हे ज्या गावात लहान मुलालाही माहीत आहे त्या गावात राहून मी जुलैभर चामड्याच्या चपलेच्या जाहिरातीवर पैसे घालत होतो.

हे लगेच जाणवले नाही, त्याचे मुख्य कारण पैसे वळते होण्याच्या पद्धतीत आहे. माझा मुख्य व्यवहार ज्या बाजारपेठेवर आहे तेथे जाहिरातीची रक्कम खिशातून भरावी लागत नाही. ती विक्रीच्या पैशांतूनच कापली जाते आणि उरलेली रक्कम बँकेत जमा होते. जमा होणारा आकडा थोडा कमी-जास्त झाला तर आपण तो परत आलेल्या मालाच्या नाहीतर कमिशनच्या माथी मारतो. म्हणून पहिले काम हे केले की जाहिरातीचे पैसे विक्रीतून कापून घेण्याऐवजी कार्डावर लावून घेतले. महिन्याचे बिल डोळ्यांसमोर स्वतंत्र दिसू लागले आणि मगच मी वही घेऊन बसलो.

आमचा सर्वाधिक चालणारा जोड १,८०० रुपयांना विकला जातो. त्यातले ९५० रुपये चामडे आणि मजुरीचे. २२ सप्टेंबर २०२५ पासून २,५०० रुपयांपर्यंतच्या पादत्राणांवर ५ टक्के जीएसटी आहे, त्याचे ८६. बाजारपेठेचे कमिशन आणि डिलिव्हरी मिळून ३४४, पुठ्ठ्याचा खोका आणि पॅकिंगचे ४०, आणि परत येणाऱ्या जोडांसाठी मी सरासरीने ५० रुपये धरतो. हे सगळे १,४७० होतात आणि हातात उरतात ३३०. आता एका क्लिकला सरासरी ७ रुपये पडत असतील, तर ३३० रुपयांत ४७ क्लिक येतात. सत्तेचाळीस माणसे पानावर येऊन गेली आणि त्यातल्या एकाने जोड घेतला, तर आम्ही बरोबरीत सुटतो. अठ्ठेचाळिसाव्या माणसापासून पदरचे पैसे जातात. जाहिरातीचा खर्च भागिले जाहिरातीतून झालेली विक्री या गुणोत्तराला या धंद्यात एकॉस म्हणतात. आमच्या जोडाला १८ टक्क्यांच्या वरचा एकॉस परवडत नाही, हे ३३० ला १,८०० ने भागले की कळते. नोव्हेंबरात मी जेव्हा मागच्या तीस दिवसांचा तक्ता काढला, तेव्हा या एका मालावर १,३२० क्लिक, ९,२४० रुपये खर्च आणि १६ जोड विक्री, असे आकडे होते. एकॉस ३२ टक्के. सोळा जोडांवर मिळून ३,९६० रुपयांचा तोटा, आणि बाजारपेठेच्या जाहिरात-पानावर मात्र हिरव्या रंगात ‘२८,८०० रुपयांची विक्री’ असे ठळक अक्षरांत लिहिलेले.

रागाच्या भरात मी त्याच रात्री सगळ्या जाहिराती बंद केल्या आणि दोन दिवसांनी पुन्हा चालू केल्या. दोन्ही निर्णय चुकीचे होते, कारण तोटा सगळीकडे सारखा नव्हता. तो नेमका कुठे आहे हे ‘सर्च टर्म रिपोर्ट’ नावाच्या तक्त्यात कळते. गिऱ्हाइकाने प्रत्यक्ष कोणते शब्द लिहिले, त्या प्रत्येक शब्दावर किती क्लिक पडले आणि किती माल गेला, हे त्यात ओळीने येते. आपण बोली लावलेला शब्द वेगळा आणि गिऱ्हाइकाने लिहिलेला शब्द वेगळा, हे या तक्त्याशिवाय उमगत नाही. मी ‘कोल्हापुरी’ हा शब्द ‘ब्रॉड’ जुळणीवर ठेवला होता, म्हणजे त्याच्या आसपासचे काहीही चालेल अशी मोकळीक यंत्रणेला दिली होती. परिणामी ‘कोल्हापुरी साज’, ‘कोल्हापुरी फेटा’, इतकेच काय ‘कोल्हापुरी चटणी’ शोधणाऱ्यांनाही आमची चप्पल दाखवली गेली होती, आणि त्यातल्या काहींनी ती उघडूनही पाहिली होती. या शब्दांवर फार पैसे गेले नव्हते. खरा पैसा गेला होता तो ‘कोल्हापुरी चप्पल ३०० रुपये’, ‘रबर सोल कोल्हापुरी’ आणि ‘रेक्झिन कोल्हापुरी’ यांसारख्या शोधांवर.

या शेवटच्या शब्दांबद्दल मला थोडे अधिक लिहायचे आहे. कोल्हापुरी चपलेला भौगोलिक मानांकन आहे आणि ते महाराष्ट्रातले कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर आणि कर्नाटकातले बेळगाव, धारवाड, बागलकोट, विजापूर अशा आठ जिल्ह्यांना मिळून आहे. वनस्पतींच्या साहाय्याने कमावलेले चामडे, हाताची शिलाई, चामड्याची वादी आणि वेणी ही तिची ओळख. सुभाषनगरात आमचे मामा तळ कापतात आणि मामी पट्ट्यावरची वेणी घालतात. मामींच्या हातची एक वेणी पुरी होताना मी कैकदा शेजारी बसून पाहिली आहे, बोटांना वादीचा काच पडतो आणि तरी एक वळसा इकडचा तिकडे होत नाही. तीनशे रुपयांत कोल्हापुरी शोधणाऱ्या माणसाशी माझे काही भांडण नाही, त्याची गरज वेगळी आहे. परंतु तो माणूस आमच्या पानावर येऊन १,८०० हा आकडा पाहून परत जातो आणि त्या येण्याजाण्याचे सात रुपये मामींच्या मजुरीच्या शेजारून जातात, हे मला सहन होईना. हे सगळे शब्द मी निगेटिव्ह कीवर्डच्या यादीत टाकले. असा शब्द असलेल्या शोधात आपली जाहिरात लिलावातच उतरत नाही. माझ्या मते जाहिरात ‘काढण्याचा’ सर्वांत उपयुक्त प्रकार हाच आहे, कारण यात माल जागेवर राहतो आणि फक्त नको त्या दारातून बाहेर पडतो.

दुसरी गळती नंबरांची होती आणि ती सापडायला मला महिना लागला. ऑनलाइन बाजारपेठेत एकाच चपलेचा प्रत्येक नंबर हा स्वतंत्र माल म्हणून नोंदलेला असतो. आमची जाहिरात सहा नंबरच्या जोडावर लावलेली होती. सहाचे जोड शिल्लक असल्याने जाहिरात सुरळीत चालू होती, पण त्याच पानावर आठ आणि नऊ नंबर संपलेले होते. पुरुष गिऱ्हाइकांत मागणी नेमकी आठ-नऊची. माणूस जाहिरात पाहून यायचा, आपला नंबर राखाडी रंगात पाहायचा आणि निघून जायचा. माल पूर्ण संपला तर यंत्रणा जाहिरात आपोआप थांबवते. निम्मे नंबर संपले तर थांबवत नाही. मामांकडून आठवड्याला बारा ते पंधरा जोड येतात, कारखान्यासारखा ढीग पडत नाही, त्यामुळे ही अडचण आम्हाला कायमची आहे. आता मी जाहिरात आठ नंबरच्या जोडावर लावतो. आठ संपला की जाहिरात स्वतःच थांबते, आणि मामांकडून नवे जोड येऊन शिल्लक भरली की स्वतःच चालू होते. हा एक बदल वरच्या सगळ्या हिशेबापेक्षा अधिक कामाला आला.

काढण्याच्या बाबतीत माझ्याकडून एक मोठी चूक झाली, ती अशी. पुकरी चपलेची जाहिरात थांबवायची म्हणून मी मालाच्या यादीत जाऊन ती लिस्टिंगच, म्हणजे मालाची नोंद आणि पानच, हटवले. जाहिरात थांबली, पण त्यासोबत तीन वर्षांत जमलेले गिऱ्हाइकांचे अभिप्राय आणि शोधातली जागाही गेली, आणि तोच माल पुन्हा नव्याने चढवला तेव्हा तो शून्यापासून सुरू झाला. त्यामुळे वेगवेगळ्या बटणांचा अर्थ नीट समजून घेणे आवश्यक आहे. संपूर्ण कॅम्पेन, म्हणजे एकत्र चालवलेल्या जाहिरातींचा संच, ‘पॉज’ केले की त्यातला सगळा माल थांबतो आणि हवे तेव्हा तेथूनच पुढे चालू करता येतो. कॅम्पेनच्या आत जाऊन एकाच मालासमोरचे बटण बंद केले की बाकीचा माल चालू राहतो. ‘आर्काइव्ह’ हे कायमचे असते. अमेझॉनवर आर्काइव्ह केलेले कॅम्पेन पुन्हा चालू करता येत नाही, मात्र त्याचे जुने आकडे पाहता येतात. आणि लिस्टिंग बंद करणे हा जाहिरात थांबवण्याचा मार्गच नाही. शंका असेल तेव्हा पॉज करावे.

आणखी एक गोष्ट तपासावी. एकच माल दोन कॅम्पेनमध्ये असू शकतो. आमची कापशी चप्पल मी स्वतः केलेल्या कॅम्पेनमधून काढली तरी तिच्यावर खर्च पडतच होता, कारण सुरुवातीला एका मदतनिसाने फोनवरून करून दिलेल्या ‘ऑटोमॅटिक’ कॅम्पेनमध्येही ती होती. त्या बाजारपेठेच्या मदत केंद्राला मी तीन वेळा लिहिले आणि तिन्ही वेळा एकच ठरावीक उत्तर आले. शेवटी मालाच्या सांकेतिक क्रमांकाने सगळ्या कॅम्पेनांत शोध घेतल्यावर ती सापडली. बंद केल्यानंतरही एक-दोन दिवस आकडे हलताना दिसतात. आधी पडलेल्या क्लिकची नोंद उशिरा चढते आणि क्लिकनंतर काही दिवसांनी झालेली खरेदीही त्याच जाहिरातीच्या खात्यावर मांडली जाते. त्यामुळे घाबरून पुन्हा काही बदलू नये आणि निकाल किमान दोन आठवड्यांनी पाहावा.

त्या दोन आठवड्यांत फक्त जाहिरातीचा तक्ता पाहून चालत नाही, एकूण विक्री पाहावी लागते. आमच्या दुकानाच्या नावाने शोधणाऱ्या जुन्या गिऱ्हाइकांवरही मी बोली लावलेली होती. ती काढली आणि एकूण विक्रीत काही फरक पडला नाही. जे आमच्याकडेच येणार होते त्यांच्या येण्याचेही आम्ही पैसे भरत होतो. उलट ‘कापशी चप्पल’ या शब्दावरची जाहिरात काढल्यावर पंधरा दिवसांत त्या मालाची विना-जाहिरात विक्रीही खाली आली, म्हणून ती पुन्हा चालू केली. म्हणूनच मी एका वेळी एकाच मालाला हात लावतो.

जाहिरातीच्या बिलावर १८ टक्के जीएसटी लागतो. नियमित नोंदणी असलेल्या विक्रेत्याला त्याची वजावट मिळते, पण त्यासाठी बिलावर आपला जीएसटी क्रमांक असावा लागतो. विक्रीच्या खात्यात क्रमांक भरलेला असला तरी जाहिरातीच्या खात्यात तो वेगळा भरावा लागू शकतो. आमच्या सीए बाईंनी विचारले नसते तर माझ्याकडून तो राहूनच गेला असता. परदेशी गिऱ्हाइकांसाठी एट्सी या ऑनलाइन बाजारपेठेवर दुकान काढणाऱ्यांनी तेथील ‘ऑफसाइट अ‍ॅड्स’चा, म्हणजे एट्सी बाहेरच्या संकेतस्थळांवर देत असलेल्या जाहिरातींचा, नियम आधी वाचावा. त्यात क्लिकला पैसे पडत नाहीत, जाहिरातीतून ऑर्डर आली तर १५ टक्के कापले जातात आणि लहान दुकानाला त्यातून बाहेर पडता येते. परंतु ३६५ दिवसांत १०,००० डॉलरच्या वर विक्री गेली की कपात १२ टक्के होते आणि बाहेर पडण्याची मुभा संपते. किंमत ठरवतानाच हे टक्के धरलेले बरे.

आज आमच्या अकरा मालांपैकी चारांवर जाहिरात चालू आहे. दर सोमवारी सकाळी दुकान उघडण्याआधी मी शोधशब्दांचा तक्ता उतरवून घेतो आणि ४७ क्लिक होऊनही एकही जोड न गेलेला शब्द दिसला की तो निगेटिव्हच्या यादीत टाकतो. मेअखेरीस चामड्याच्या चारही जाहिराती पॉज करायच्या आणि गणपतीच्या आधी पंधरा दिवस पुन्हा चालू करायच्या, असे आबांच्या दुकानातल्या कॅलेंडरवर लाल पेनाने लिहून ठेवले आहे. परवा आबांनी ती खूण पाहिली आणि विचारले, “मग आठ नंबरचे जोड तवर किती लागतील, ते मामाला आत्ताच सांगून ठेवू काय?” मी चाळीस सांगितले आहेत.