एका जास्तीच्या 'ई'पायी

लेकीची शोसाठीची ऑडिशन, दुसरी फेरी, निवड हे सगळं पंधरा दिवसांत उरकलं. बँकेत मात्र तीन आठवडे गेले.

शोच्या कोऑर्डिनेटरने कागदांची यादी पाठवली, तिच्यात लेकीचं राष्ट्रीयीकृत बँकेतलं खातं होतं. बालकलाकाराच्या कमाईतले किमान २० टक्के थेट तिच्या नावावर मुदत ठेवीत टाकायचे, असा २०१७ पासूनचा नियम आहे. आमचं खातं पतसंस्थेत. निम्म्या कोल्हापूरचं असतंय तसंच.

बँकेत गेले. काउंटरवरच्या साहेबांनी जन्मदाखला आणि आधार शेजारी-शेजारी ठेवले. "स्पेलिंग जुळत नाही." आधारवर नावात एक 'ई' जास्त. म्हटलं, आधार दुरुस्त करू. आधार केंद्रावर सकाळी आठला रांगेत, तर टोकन संपलेली. दुसऱ्या दिवशी कळलं, पाच वर्षांनंतर बोटांचे ठसे द्यायचे असतात, ते आम्ही दिलेच नव्हते. पोरगी नऊची! शाळा बुडवून तिला नेलं. सुधारित आधार घेऊन परत बँकेत, तर ते साहेब रजेवर. नवीन मॅडम म्हणाल्या, "एवढ्या फरकाला प्रतिज्ञापत्र चाललं असतं की." मी काय बोलले ते इथे लिहीत नाही.

तेव्हा ऑडिशनला जायच्या आधीच दोन्ही कागद शेजारी ठेवून अक्षर न् अक्षर बघा.

हो, आणि कलेक्टरांची परवानगी लागते म्हणून मी नागाळा पार्कातल्या कलेक्टर ऑफिसात हेलपाटा घातला, तो वाया गेला. ती निर्मात्याने घ्यायची असते, शूटिंग ज्या जिल्ह्यात तिथल्या जिल्हाधिकाऱ्यांकडून. तिची प्रत मात्र मागून घ्या. दिवसाला पाच तासांपेक्षा जास्त काम नाही, सलग तीन तासांनंतर विश्रांती, हे मी तोंडपाठ केलंय. सेटवर "अजून एकच टेक, मॅडम" म्हणाले की घड्याळ दाखवते. सासूबाई म्हणतात, सून तालमीतली निघाली.

यादीतलं शाळेचं पत्र एका दिवसात मिळालं.

पासबुक हातात पडलं त्या रात्री महालक्ष्मी एक्स्प्रेसचं तिकीट वेटिंगवर होतं. लाल डब्याने गेलो. लेक साताऱ्यापर्यंत गात होती, मी पासबुकावरचं स्पेलिंग तपासत होते.