"संपलं ना, बंद कर की"

जेवणं झाल्यावर 'गनस्मोक' या जुन्या अमेरिकन वेस्टर्न मालिकेचा १९५५ चा पहिला एपिसोड लावला होता, शेवटी नावं यायला लागली तशी मी पॉज करायला गेले तर भाऊ म्हणाला, "ताई, संपलं ना, बंद कर की."

मला बघायचं होतं ते नाव होतं जॉन मेस्टन. १९५२ ला ही मालिका रेडिओवर आली ती त्याने आणि नॉर्मन मॅकडॉनेलने मिळून उभी केलेली, मग रेडिओ नि टीव्ही धरून शेकड्यांनी स्क्रिप्ट्स लिहिल्या माणसाने. मार्शल, म्हणजे गावचा कायद्याचा अधिकारी, झालेला हिरो जेम्स आर्नेस २० वर्षं घराघरात दिसला, पण मेस्टन कोणाच्या लक्षात आहे?

आणि काय लिहिलंय! पहिल्याच भागात हिरो गोळी खाऊन आडवा. बरा होताना त्याच्या डोक्यात येतं की समोरच्याचं पिस्तूल विजेसारखं निघतं खरं, पण नेम लागतो तो अगदी जवळूनच, म्हणून तर तो चालत चालत पुढे येत राहतो. बस्स, दुसऱ्या वेळी मार्शल अंतर राखतो. मी तो सीन दोनदा बघितला.

भावाला हे सगळं सांगितलं, तोही मग बसून राहिला.

तुमच्या लहानपणीच्या आवडत्या मालिकेचा लेखक कोण होता, आठवतंय?